अठरा पूर्ण झाली ना, मग विषय संपला

आपल्याकडे बातमी कशी येते बघा. तरुणी बेपत्ता, वडिलांची हायकोर्टात धाव. आत वाचलं की कळतं तरुणी बावीस वर्षांची, बीकॉम झालेली, बेपत्ता वगैरे काही नाही, तिने स्वतःच पोलीस स्टेशनला लग्नाचं सर्टिफिकेट व्हॉट्सॲपवर पाठवलंय आणि मी माझ्या मर्जीने आलेय, मला शोधू नका असंही लिहून दिलंय, तरी ती बेपत्ता. कारण ती हरवली की नाही हे घरचे ठरवणार. मग खाली कमेंटी. आईबापाने वीस वर्षं सांभाळलं त्याचं काय, पोरींना मोबाईल दिला की असंच होणार, कोर्टाने तिला समजवायला पाहिजे. हे शेवटचं वाक्य मला सगळ्यात डेंजर वाटतं, कारण पहिली दोन बोलणारे कट्ट्यावर बसलेले असतात आणि तिसरं प्रत्यक्षात घडतं, कोर्ट खरंच समजवायला बसतं.

माझं म्हणणं बऱ्याच जणांना खटकेल. सज्ञान माणूस जजसमोर उभा राहून म्हणाला की मला कोणी कोंडलेलं नाही, मी आहे तिथेच राहणार, की केस तिथल्या तिथे संपायला पाहिजे. नवरा काय कमावतो, लग्न कुठे झालं, धर्म का बदलला, आईला का रडवलंस, यातलं काहीही विचारायचा तिथे संबंध नाही. आणि उलट बाजूने, ती म्हणाली की घरच्यांनीच मला डांबून ठेवलंय तर तिला तिथूनच मोकळं सोडायचं, आता तू कुठे जाणार आणि खाणार काय ही चौकशी न करता. मदत पाहिजे का एवढं जरूर विचारावं. ती नको म्हणाली की पुढे बोलायचं नाही.

बातमीतले वडील हायकोर्टात जातात ते हेबियस कॉर्पसची याचिका घेऊन, आणि ही तशी फार साधी भानगड आहे. अमुक माणूस तुमच्या ताब्यात आहे म्हणतात, त्याला घेऊन या आणि कुठल्या कायद्याने ठेवलाय ते सांगा, बस. हायकोर्टात कलम २२६ खाली, सुप्रीम कोर्टात ३२ खाली. बाकीच्या रिट, म्हणजे कोर्टाचे असले खास हुकूम, बहुतेक सरकारवर चालतात, ही मात्र बापावर चालते, नवऱ्यावर चालते, मठातल्या महाराजावर चालते. अर्ज करणारा नातेवाईकच पाहिजे असंही नाही, तिहारमधल्या सुनील बत्रा नावाच्या कैद्याने शेजारच्या कैद्याच्या छळाबद्दल पाठवलेलं पत्रसुद्धा सुप्रीम कोर्टाने याचिका म्हणून घेतलं होतं. कोर्टाच्या रोजच्या यादीत हिचा नंबरही लवकर लागतो कारण इथे एकेक दिवस म्हणजे कोणाच्या तरी आयुष्यातला कोंडलेला दिवस असतो. इतकं सगळं सोपं आणि फास्ट ठेवलंय ते एकाच कारणासाठी, माणूस सुटावा म्हणून. आणि आपण तेच हत्यार उलटं धरून माणूस परत आणायला वापरतोय.

आता एक गंमत सांगतो, गंमत कसली, चीड येते. माणसाला सरकारने आत टाकलेलं असेल तर हीच कोर्टं किती काटेकोर असतात बघा. हरिकिसन नावाच्या माणसाला १९६१ मध्ये नागपूरच्या जिल्हाधिकाऱ्यांनी स्थानबद्ध केलं, कारणांचे कागद दिले इंग्रजीत. तो म्हणाला मला इंग्रजी येत नाही, हिंदीत द्या. सरकार म्हणालं की अधिकाऱ्याने तोंडी समजावून सांगितलंय की. १९६२ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की तोंडी समजावणं चालणार नाही, त्याच्या भाषेत कागद मिळाले नाहीत म्हणजे त्याला आपली बाजू मांडायची संधीच मिळाली नाही, सोडा त्याला. आजही एमपीडीए, म्हणजे खटला न चालवता स्थानबद्ध करायचा आपल्या राज्याचा कायदा, त्याच्या केसेसमध्ये हेच चालतं. हातभट्टीवाल्याला किंवा गल्लीतल्या दादाला वर्षभरासाठी आत टाकलेला असतो, आणि त्याने सुटकेसाठी केलेल्या निवेदनावर निर्णय द्यायला उशीर झाला, एक पान वाचता येत नव्हतं, मराठी भाषांतर जोडलं नाही, अशा कारणांवर ऑर्डर रद्द होते आणि दादा बाहेर येतो. बरोबरच आहे ते, माझी त्याला अजिबात हरकत नाही, स्वातंत्र्य काढून घ्यायचं तर कागद चोख पाहिजेत. पण मग वीस वर्षांची मुलगी उभी असते, तिच्यावर कुठलाही गुन्हा नाही, कुठलीही ऑर्डर नाही, आणि तिला सांगितलं जातं की बाळा चार दिवस महिला वसतिगृहात राहा आणि शांतपणे विचार कर. हे कुठल्या कलमाखाली? दादाला जेवढा कायदा मिळतो तेवढा तरी हिला द्या.

कोर्टांना हे माहीत नाही असंही नाही. १९७६ मध्ये सुप्रीम कोर्टासमोर ग्यान देवी नावाच्या बाईची केस आली, दिल्लीच्या नारी निकेतन या महिलांच्या वसतिगृहात तिला ठेवलं होतं. कोर्टाने तिचं वय बघितलं, अठराच्या वर आहे म्हटल्यावर तिच्या इच्छेविरुद्ध तिला तिथे ठेवता येणार नाही असं सांगून सोडून दिलं. छोटासाच निकाल. आणि हेच ते वर्ष ज्या वर्षी एप्रिलमध्ये त्याच सुप्रीम कोर्टाने एडीएम जबलपूरचा निकाल दिला की आणीबाणी चालू असताना डांबलेल्या माणसाला हेबियस कॉर्पस मागताच येणार नाही. देशातल्या नऊ हायकोर्टांनी, त्यात आपलं मुंबई हायकोर्टही आलं, मागता येतं असं सांगितलं होतं, ते सगळं पुसून टाकलं चार विरुद्ध एकने. एकटे न्या. एच. आर. खन्ना विरोधात गेले आणि त्यांचं मिळायचं सरन्यायाधीशपद हुकलं. बाकी चौघांमध्ये आपले पुण्याचे यशवंतराव चंद्रचूड होते. डांबलेल्यांचा छळ होईल अशी भीती वकील व्यक्त करत होते तर त्यावर असलं काही होणार नाही अशी हिऱ्यासारखी लखलखीत आशा मला आहे, असं त्यांनी निकालात लिहिलं. आशा! माणूस आत, दार बंद, आणि जज आशा बाळगून. पुढे १९७८ मध्ये ४४वी घटनादुरुस्ती झाली, कलम २१ आणीबाणीतसुद्धा बंद करता येणार नाही असं ठरलं, आणि २०१७ मध्ये त्यांच्याच मुलाने, धनंजय चंद्रचूडांनी, वडिलांचा तो निकाल चुकीचा होता असं लिहून तो खोडला.

मला यातून जे दिसतं ते असं की सरकारवर विश्वास ठेवून माणूस आत राहू द्यायचा नाही हा धडा आपण आणीबाणीतून शिकलो, थोडा तरी शिकलो. घरच्यांवर विश्वास ठेवून माणूस आत राहू द्यायचा नाही, हा धडा अजून बाकी आहे. बाप म्हणजे प्रेमच करणार, तो कशाला कोंडेल, हीसुद्धा तसलीच लखलखीत आशा.

तसा आपला या सगळ्याशी संबंध फार जुना. १८२८ मध्ये मुंबईच्या तेव्हाच्या सुप्रीम कोर्टाने पुण्यातल्या मोरो रघुनाथ नावाच्या चौदा वर्षांच्या मुलाला हजर करा म्हणून हेबियस कॉर्पस काढली, आणि गव्हर्नर माल्कमने ती अंमलात येऊच दिली नाही, पुण्यातल्या बड्या घराण्याच्या घरात कोर्टाने कशाला शिरायचं म्हणून. न्या. ग्रँट इतके भडकले की १८२९ मध्ये कोर्टाला कुलूपच लावलं. लंडनला प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे तेव्हाच्या सगळ्यात वरच्या कोर्टाने, बाजू घेतली ती सरकारची. तो मुलगा अज्ञान होता, तो मुद्दा वेगळा, पण बड्या घराच्या उंबऱ्यापाशी कोर्टाचा हुकूम थांबतो हे तेव्हापासूनचं आहे.

आणि सज्ञान बाईचं बघायचं तर रखमाबाई. लग्न अकराव्या वर्षी, नवरा दादाजी भिकाजी, ती सावत्र वडिलांकडे, डॉ. सखाराम अर्जुन यांच्याकडे राहिली, शिकली, आणि मोठी झाल्यावर म्हणाली की मी या माणसाकडे नांदायला जाणार नाही. १८८४ मध्ये नवऱ्याने दावा लावला. पहिल्यांदा न्या. पिन्ही यांनी दावा फेटाळला, बाईला तिच्या मनाविरुद्ध नवऱ्याच्या हवाली करणं हे रानटीपणाचं आहे असं त्यांचं मत. अपील झालं, केस परत खाली आली, मार्च १८८७ मध्ये न्या. फॅरन यांनी हुकूम दिला की महिन्याभरात नवऱ्याकडे जा नाहीतर सहा महिने तुरुंग. रखमाबाई तेव्हा बावीस वर्षांच्या. त्यांनी सांगितलं मी तुरुंगात जाईन. लोकमान्य टिळकांचा केसरी त्यांच्या विरोधात होता, हे आपण शाळेत शिकवत नाही. शेवटी १८८८ मध्ये दोन हजार रुपये देऊन तडजोड झाली, त्या लंडनला गेल्या, डॉक्टर झाल्या आणि परत येऊन सुरतला, राजकोटला आयुष्यभर प्रॅक्टिस केली. आता कोणी म्हणेल झालं ना चांगलं. पण मला वाटतं त्या डॉक्टर झाल्या नसत्या, घरी बसून लोणची घातली असती तरी त्यांचं नाही हे तेवढंच खरं होतं. आपण ना, पुढे जाऊन मोठं काहीतरी करणाऱ्या बाईचं स्वातंत्र्य मान्य करतो, जी पुढे जाऊन काहीच करत नाही तिचं नाही. बाय द वे, नांदायला पाठवण्याचा तो दावा आजही हिंदू विवाह कायद्याच्या कलम ९ मध्ये बसलेला आहे.

हादियाची केस तर सगळ्यांना माहीत आहे, निदान नाव तरी. पण तिची तारीखवार गोष्ट नीट वाचली तर अंगावर येते. केरळची मुलगी, सेलमला होमिओपॅथी शिकणारी, वय चोवीस. मुसलमान झाली. वडिलांनी जानेवारी २०१६ मध्ये पहिली हेबियस कॉर्पस टाकली, ती कोर्टात आली, मी माझ्या मर्जीने आहे म्हणाली, केस संपली. इथपर्यंत सगळं जसं व्हायला पाहिजे तसंच झालं. मग ऑगस्टमध्ये वडिलांनी दुसरी टाकली, आणि ती चालू असताना डिसेंबरमध्ये तिने लग्न केलं. कोर्टाला राग आला, आम्हाला न विचारता लग्न कसं केलंस. विचारायचं कशाला होतं मुळात? मग हॉस्टेल, मग मे २०१७ मध्ये केरळ हायकोर्टाने लग्नच रद्द करून टाकलं. चोवीस वर्षांची मुलगी कमजोर असते, तिला कोणीही फसवू शकतं, लग्नासारखा निर्णय आईवडिलांच्या सहभागानेच घ्यायला पाहिजे, अशा अर्थाचं त्या निकालात आहे. आणि तिला वडिलांच्या घरी पाठवलं, दाराशी पोलीस, सहा महिने. म्हणजे ज्या रिटचं काम कोंडलेल्या माणसाला सोडवणं त्या रिटने एका मोकळ्या बाईला कोंडलं. सुप्रीम कोर्टात केस गेली तर तिथेही आधी एनआयएचा, म्हणजे राष्ट्रीय तपास यंत्रणेचा, तपास, आणि तिला प्रत्यक्ष बोलावून ऐकलं ते २७ नोव्हेंबर २०१७ ला. तिला विचारलं तुला काय पाहिजे. ती म्हणाली स्वातंत्र्य. तरी त्या दिवशी तिला मिळालं काय, तर सेलमच्या कॉलेजचं हॉस्टेल. लग्न पुन्हा कायदेशीर ठरलं ते ८ मार्च २०१८ ला, कोर्टाने सांगितलं की हेबियस कॉर्पसमध्ये हायकोर्टाला लग्न रद्द करायचा अधिकारच नव्हता. दोन वर्षांहून जास्त गेली. जानेवारी २०१६ ला जे उत्तर तिने दिलं होतं तेच उत्तर शेवटी बरोबर ठरलं. मधल्या दिवसांचा हिशोब कोणी दिला नाही.

मला कोणी म्हणेल ती केस राजकारणाची होती, नॉर्मल केसमध्ये असं होत नाही. होतं. छोट्या प्रमाणात रोज होतं, फक्त कोर्टाच्या आधी, पोलीस स्टेशनमध्ये होतं.

मी एका जोडप्याबरोबर साक्षीदार म्हणून एकदा पोलीस स्टेशनला गेलोय. मुलगी तेवीस, मुलगा पंचवीस, रजिस्टर लग्न केलेलं, जात वेगळी. मुलीच्या घरच्यांनी मिसिंग दाखल केली होती म्हणून जबाब द्यायला बोलावलं होतं. दोघं सज्ञान, कागद समोर, पाच मिनिटांचं काम. आम्ही पोचलो तेव्हा तिचे आईवडील, मामा, दोन काका आणि गावचे कोणीतरी पुढारी आधीच बाकड्यावर बसलेले, कोणी बोलावलं त्यांना, तर साहेबांनी, समोरासमोर झालेलं बरं असतं म्हणून. मग मुलीला आत नेलं, तिच्याबरोबर आई. नवऱ्याला बाहेर ठेवलं. साहेब वाईट माणूस नव्हता, खरंच नव्हता, तिला बेटा बेटा म्हणत होता, चहा मागवला, आणि सांगत होता, अगं आईचा बीपी वाढलाय बघ, चार दिवस घरी जा, आम्ही आहोत ना, चार दिवसांनी मी स्वतः तुला सोडायला येतो. आई तिच्या पायावर डोकं ठेवून रडत होती. मामा दाराच्या फटीतून फक्त बघत होता, एक शब्द बोलला नाही, पण तिने नंतर सांगितलं की मला भीती त्याचीच वाटत होती. दीड तास. शेवटी एका महिला कॉन्स्टेबलने वैतागून म्हटलं, साहेब ती नाही म्हणतेय ना, घ्या ना जबाब, मला घरी जायचंय. आणि जबाब घेतला. त्या बाईच्या ड्यूटीची वेळ संपत आली नसती तर काय झालं असतं हे मला सांगता येणार नाही. चार दिवसांसाठी घरी गेलेल्या मुलींचं पुढे काय होतं ते मात्र आपल्या सगळ्यांना माहीत आहे, गावाला नेऊन ठेवतात, फोन काढून घेतात, आणि चार महिन्यांनी घाईघाईने एक लग्न लागतं.

यात गुन्हा कोणाचा झाला? भारतीय न्याय संहितेत कलम १२७ आहे, कोणाला कोंडून ठेवणं हा गुन्हा, दहा दिवस किंवा जास्त कोंडलं तर पाच वर्षांपर्यंत शिक्षा. त्यात आईबाप सोडून असं कुठे लिहिलेलं नाही. तालुक्याच्या ठिकाणी मॅजिस्ट्रेटसुद्धा कोंडलेल्या माणसाच्या शोधासाठी वॉरंट काढू शकतो, पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं, म्हणजे सीआरपीसीचं, कलम ९७ होतं, आता तिच्या जागी आलेल्या नागरिक सुरक्षा संहितेत १०० आहे, त्यासाठी मुंबई, नागपूर, संभाजीनगरचं हायकोर्ट गाठायची गरज नाही. पण वापरतं कोण? मुलाच्या वडिलांवर अपहरणाचा गुन्हा एका दिवसात दाखल होतो आणि मुलीच्या मामावर कोंडल्याचा गुन्हा वर्षात होत नाही.

आता दुसरी बाजू. ती खोटी नाहीये, म्हणून नीट घेतो. ब्रेनवॉश केलेलं असलं तर? धमकी दिलेली असली, फोटो काढून ब्लॅकमेल करत असला, विकायला नेलेलं असलं, आणि ती कोर्टात उभं राहून घाबरून मर्जीने आलेय म्हणत असली तर? असं होतं. यावर उपाय एकच आहे, तिला एकटीला विचारा. चेंबरमध्ये बोलवा, बाहेर नवरा नाही, बाप नाही, तपास अधिकारी नाही, वाटलं तर दोन तास नुसतं बसू द्या, पाणी द्या, परत विचारा. अनुभवी जजला भीती कळते. भीती दिसली तर संरक्षण द्या, गुन्हा दाखल करा, ज्याने ब्लॅकमेल केलं त्याला आत टाका. लक्षात घ्या, त्याला. आपल्याकडे होतं असं की फसवणूक केल्याचा संशय एकावर आणि वसतिगृहात रवानगी दुसरीची. आणि ब्रेनवॉशचं म्हणाल तर अठरा वर्षं घरात जे ऐकवलं जातं, या जातीचा नको, त्या धर्माचा नको, काळा नको, आपल्यापेक्षा गरीब नको, त्याला काय म्हणायचं? जो निर्णय आपल्याला आवडला तो विचारपूर्वक आणि जो आवडला नाही तो ब्रेनवॉश, असा हिशोब लावला तर सज्ञान या शब्दाला काही अर्थच उरत नाही.

तिचा निर्णय चुकीचाही असू शकतो. पोरगा दारुडा निघेल, सहा महिन्यांत परत येईल. येऊ दे. घरच्यांच्या पसंतीने केलेल्या लग्नातून परत आलेल्या मुली आपण पाहिल्या नाहीत का? सुप्रीम कोर्टाने २००६ मध्ये लता सिंगच्या केसमध्ये सांगून ठेवलंय की आईवडिलांना पसंत नसेल तर ते फार तर संबंध तोडू शकतात. मला हे वाक्य फार आवडतं कारण त्यात घरच्यांनाही त्यांचं स्वातंत्र्य दिलंय. नका बोलावू दिवाळीला. वाईट वाटेल, पण तो तुमचा हक्क आहे.

आणि एक वेगळा घोळ, लग्नाचं वय आणि सज्ञान असण्याचं वय लोक एकच समजतात. १८७५ च्या कायद्यापासून सज्ञान म्हणजे अठरा. मुलाचं लग्नाचं वय एकवीस म्हणून वीस वर्षांच्या मुलाबरोबर राहणाऱ्या मुलीला बापाकडे पाठवलं होतं केरळमध्ये, सुप्रीम कोर्टाने २०१८ मध्ये सांगितलं की अहो लग्न होऊ शकत नसेल तर नसेल, दोघं सज्ञान आहेत, लग्नाशिवाय एकत्र राहू शकतात. मुलींचं लग्नाचं वय एकवीस करायचं बिल २०२१ मध्ये आलं होतं, ते १७ वी लोकसभा संपली तेव्हा बारगळलं. चांगल्या हेतूने आणलं असेलही, पण ते पास झालं असतं तर अठरा ते एकवीसमधल्या प्रत्येक मुलीच्या बापाला आणखी एक कागद मिळाला असता.

हे सगळं पळून जाणाऱ्या मुलींपुरतंच आहे असं समजू नका. गोव्यात १९८९ मध्ये डॉमिनिक डिसोझा नावाचा पर्रा गावचा तरुण, रक्तदान केलं होतं, त्या रक्तात एचआयव्ही सापडला. त्याला धड काही न सांगता पोलिसांनी उचललं आणि एका बंद पडलेल्या टीबी सॅनेटोरियममध्ये नेऊन ठेवलं, चौसष्ट दिवस. गुन्हा काही नाही. गोव्याच्या आरोग्य कायद्यात एक कलम घातलं होतं, एचआयव्ही असलेल्याला वेगळं ठेवायचं, झालं. त्याच्या आईने, ल्युसी डिसोझांनी, हायकोर्टाच्या पणजी खंडपीठात याचिका टाकली. तो बाहेर आला, पण ते कलम कोर्टाने योग्यच ठरवलं, समाजाच्या हितापुढे एकट्याचा हक्क मागे घ्यावा लागतो म्हणून. आज कोणीही डॉक्टर सांगेल की त्या कोंडण्याला वैद्यकीय अर्थ शून्य होता. डॉमिनिक नंतर पॉझिटिव्ह पीपल नावाची संस्था उभी करून १९९२ मध्ये गेला. मला या केसमध्ये आई महत्त्वाची वाटते. इथे आई कोर्टात गेली ती मुलाला घरी डांबायला मिळावं म्हणून नाही, त्याला त्याच्या मर्जीने फिरता यावं म्हणून गेली. म्हणजे आईबाप वाईट आणि पोरं शहाणी असली मांडणी मी करतच नाहीये. काळजी कोणाचीही असो, डॉक्टरची, सरकारची, आईची, तिच्या नावावर कुलूप लावता येत नाही इतकंच.

व्यसनमुक्ती केंद्रं घ्या. चाळीस वर्षांचा माणूस, पितो, मान्य, त्रास देतो, तेही मान्य. बायको आणि भाऊ मिळून फोन करतात, रात्री गाडी येते, चार जण उचलून नेतात, तीन महिने बाहेरच्यांशी बोलायला बंदी. मानसिक आरोग्य कायदा २०१७ चा आहे, त्यात माणसाच्या इच्छेविरुद्ध भरती करायची तर दोन तज्ज्ञांनी स्वतंत्र तपासायला लागतं, पहिली मुदत तीस दिवसांची, मंडळाकडे दाद मागता येते. गाडीवाल्या केंद्रात यातलं काय होतं? किंवा म्हातारे वडील, एक मुलगा त्यांना घेऊन जातो, दुसऱ्याला भेटू देत नाही, सातबाऱ्यावर सही होईपर्यंत. या केसेसही हेबियस कॉर्पस म्हणून येतात, आणि तिथे मात्र जज पटकन विचारतात, बाबा तुम्हाला कुठे राहायचंय? बाबा सांगतात, तिथे राहतात. म्हाताऱ्या बाबांना जो प्रश्न विचारून विश्वास ठेवता येतो तो तेवीस वर्षांच्या मुलीला विचारून का ठेवता येत नाही?

मार्च २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने देवू जी. नायर केसमध्ये यावर सरळ गाइडलाइन दिल्या. केस दोन बायकांची होती, एकीला तिच्या आईवडिलांनी अडवून ठेवलंय असं दुसरीचं म्हणणं. कोर्टाने सांगितलं की अशा याचिका आधी घ्या, नातं काय आहे ते उकरू नका, त्या व्यक्तीशी एकांतात बोला, घरच्यांचा पोलिसांचा दबाव येणार नाही हे बघा, तिचं मन वळवण्यासाठी काउन्सेलिंगला पाठवू नका, आणि नाही म्हणाली तर ताबडतोब मोकळं करा. इतकं स्पष्ट लिहिलंय की यापुढे कोणाला शंका राहायचं कारण नाही. म्हणून आता प्रश्न कायदा काय आहे हा राहिलेला नाही, तो कायदा स्टेशन हाऊसपर्यंत कोण नेणार हा आहे.

आणि त्याबाबत आपल्या राज्य सरकारचं एक पाऊल इकडे आणि एक तिकडे. डिसेंबर २०२२ मध्ये आंतरधर्मीय विवाह केलेल्या मुलींची माहिती घेण्यासाठी समन्वय समिती काढली, सुरुवातीला आंतरजातीयसुद्धा होतं त्यात, आरडाओरडा झाल्यावर दोन दिवसांत ते गाळलं. फेब्रुवारी २०२५ मध्ये पोलीस महासंचालकांच्या अध्यक्षतेखाली सात जणांची आणखी एक समिती, लव्ह जिहादवर कायदा कसा करायचा ते बघायला. आणि मधेच डिसेंबर २०२४ मध्ये गृह खात्याने परिपत्रक काढलं, आंतरजातीय आंतरधर्मीय जोडप्यांसाठी जिल्ह्याजिल्ह्यात सेफ हाउस करा, विशेष कक्ष काढा. साताऱ्यात अंनिसच्या लोकांनी असं घर आधीच चालवून दाखवलं होतं. म्हणजे एक खातं जोडप्याला आसरा देणार आणि दुसरं त्याच जोडप्याची फाईल उघडणार.

सेफ हाउसबद्दलही माझी एक कुरकुर आहे. तिथे राहणं ऐच्छिक आहे हे दारावर लिहा, आणि जोडप्याला वाटेल तेव्हा बाहेर पडता आलं पाहिजे, नाहीतर तेही हळूहळू वसतिगृहासारखं होतं. त्याहून साधी गोष्ट, ज्याला एक पैसा लागत नाही, समितीही लागत नाही: जोडपं संरक्षण मागायला पोलीस स्टेशनला आलं की पहिला फोन मुलीच्या घरी लावायची जी पद्धत आहे ती बंद करा. अर्ज घ्या, वयाचा पुरावा बघा, तिला एकटीला बसवून महिला अधिकाऱ्याने जबाब घ्या, त्याची कॉपी तिच्या हातात द्या आणि मिसिंगची नोंद त्याच दिवशी बंद करा. वडिलांना कळवायचं की नाही, आणि काय कळवायचं, हे तिला विचारा. ती म्हणाली फक्त सुखरूप आहे एवढं सांगा, तर तेवढंच सांगा, पत्ता देऊ नका.